रिपोर्टवर 'थ्रॉम्बोसायटोसिस' लिहिलंय, म्हणजे काय?

सिंहगडरोडकर: आईच्या सीबीसीत (रक्तपेशी मोजायची तपासणी) प्लेटलेट ५ लाख ८० हजार आल्यात आणि खाली बारीक अक्षरात थ्रॉम्बोसायटोसिस, आम्हाला पुण्यात डेंग्यूत प्लेटलेट कमी होतात एवढंच माहीत, वाढल्या तर काय? नेटवर थ्रॉम्बोसायथेमिया पण दिसतं, दोन्ही एकच का?

लॅबवाली: नाही हो. दीड ते साडेचार लाख नॉर्मल, त्याच्यावर गेलं की सायटोसिस, ते नुसतं आकड्याचं नाव आहे. कारण बहुतेक वेळा दुसरीकडेच असतं, इन्फेक्शन, कुठे सूज, नाहीतर लोह कमी. सायथेमिया म्हणजे बोनमॅरोच (हाडातला मगज, जिथे रक्तपेशी बनतात) आपणहून जास्त बनवत सुटतो, त्यात जॅक-टू जीनची टेस्ट सांगतात. हिमोग्लोबिन किती आहे आईंचं?

सिंहगडरोडकर: ८.९! एमसीव्ही (लाल पेशींचा सरासरी आकार) ६८. त्या ओळीकडे बघितलंच नाही कुणी 🤦

लॅबवाली: दोन्ही कमी, मग आधी लोहाचाच संशय येणार, फेरिटिन (शरीरातला लोहाचा साठा बघायची टेस्ट) करायला सांगतील बहुतेक. गोळ्या मनाने सुरू करू नका, डॉक्टरांना दाखवा.

शब्दवेडा_सदाशिवपेठ: शब्द ग्रीकवरून आलाय, थ्रॉम्बोस म्हणजे गुठळी. डेंग्यूवाला तो थ्रॉम्बोसायटोपेनिया, पेनिया म्हणजे कमतरता. तेव्हा शेपूट बघायचं. आणि पपईच्या पानांचा रस इथे कुणी सुचवू नका प्लीज.