मदत हवी आहे : पंचायतीच्या प्रभागनिहाय लोकसंख्येचा तक्ता कोठे मिळेल?

सस्नेह नमस्कार. गोव्यातील केपे तालुक्यातील आमच्या पंचायतीच्या लोकवस्तीची टिपणे मी तयार करीत आहे. गावडा, कुणबी व वेळीप समाजांचा अनुसूचित जमातींत समावेश २००३ साली झाल्यामुळे २००१ च्या जनगणनेत गोव्यातील अनुसूचित जमातींची एकूण संख्या अवघी ५६६ दिसते, तर २०११ मध्ये ती १,४९,२७५ होते. त्यामुळे जुने तक्ते प्रमाण मानणे या समाजांवर अन्यायाचे ठरेल, असे मला मनापासून वाटते. २०११ चे आकडे गाववार मिळतात. परंतु आमच्या पंचायतीत दोन महसुली गावे असून डोंगराकडचे वेळीपांचे वाडे दोन प्रभागांत विभागले गेले आहेत. प्रभाग राखीव ठरवताना ही वस्ती कशी मोजतात, आणि तो तक्ता पंचायतीच्या सचिवांकडे मागावा की मामलेदार कचेरीत, हे कृपया जाणकारांनी सांगावे.