जतन, संवर्धन, संरक्षण, संधारण : कोणता शब्द कुठे?

प्रश्न : कॉन्झर्व्हेशन आणि प्रिझर्व्हेशन या दोन्हींना सरसकट ‘संवर्धन’ म्हटलं जातं. जंगलालाही तेच, किल्ल्यालाही तेच. फरक कसा दाखवावा?

उत्तर १ : प्रिझर्व्हेशनला ‘परिरक्षण’ असा प्रतिशब्द आहे, पण निसर्गाच्या संदर्भात तो रुळला नाही. त्यापेक्षा ‘राखणे’ बरं. देवराईतली पडलेली फांदीही उचलायची नाही, हे राखणं. माळावर किती गुरं, कोणत्या महिन्यात चारायची ते ठरवणं, हे संवर्धन. वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ मध्येही हा भेद आहे : राष्ट्रीय उद्यानात गुरांच्या चराईला मनाई, अभयारण्यात मात्र ती नियंत्रणाखाली चालू देता येते.

नुसतं राखून बिघडतं कसं, ते भरतपूरला दिसलं. केवलादेव राष्ट्रीय उद्यानात १९८२ मध्ये म्हशींची चराई बंद केली. म्हशी जे पास्पॅलम गवत खात होत्या ते माजलं, उघडं पाणी झाकलं गेलं आणि पाणपक्ष्यांची जागा आटली. बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या दीर्घ अभ्यासातून हे पुढे आलं. ती पाणथळ मुळात माणसाने बांध घालून, अजान बांधातून पाणी सोडून घडवलेली. तिथे गवत कुणी खायला नाहीतर कापायला हवंच.

उत्तर २ : निसर्गापुरतं पटलं. पण ‘संवर्धन’मध्ये वाढ आहे (पशुसंवर्धन आठवा), आणि तटबंदी काही वाढवायची नसते. वास्तूला ‘जतन’च हवं. सरकारी कामांत ‘जतन व दुरुस्ती’ लिहितात, ते नेमकं आहे.

मात्र जतन म्हणजे हात न लावणं नव्हे. जांभ्याच्या किंवा विटांच्या भिंतीत सिमेंटने सांधे भरले की आतली ओल सांध्यातून बाहेर पडत नाही, दगडातून वाट काढते. क्षार दगडाच्या तोंडाशी साठतात आणि पापुद्रे सुटतात. म्हणून सिमेंट छिन्नीने काढायचं (ग्राइंडर नको, दगडाच्या कडा जातात), सांधा रुंदीच्या दुप्पट खोल मोकळा करायचा, धुऊन ओला ठेवायचा आणि एक भाग विरवलेला चुना, अडीच-तीन भाग वाळू असा मसाला भरायचा. वर ओलं गोणपाट. चुना हवेतला कार्बन डायऑक्साइड घेत सावकाश घट्ट होतो. कडक उन्हात लवकर सुकला तर भुगा होतो. सांधा दगडापेक्षा मऊच हवा, म्हणजे झिजायचा तो सांधा झिजतो.

दुसरी कसोटी, केलेलं काम पुढे काढता आलं पाहिजे. अजिंठ्यात १९२० च्या दशकारंभी निजाम सरकारने बोलावलेल्या इटालियन तज्ज्ञांनी चित्रांवर लाखेचं रोगण दिलं. हेतू टिकवण्याचाच होता. रोगण पिवळं पडलं, आणि ते उतरवणं हेच पुढच्या पिढ्यांचं जिकिरीचं काम होऊन बसलं.

उत्तर ३ : माती-पाण्याला ‘संधारण’ म्हणायचं, तिथे अडवून धरून ठेवणं अभिप्रेत आहे, राज्याच्या खात्याचं नावच ‘मृद व जलसंधारण’. ‘संरक्षण’ म्हणजे कायद्याचं कुंपण. १९८० च्या वन कायद्याच्या नावात २०२३ पासून ‘संरक्षण एवं संवर्धन’ असे दोन्ही शब्द आले आहेत.

आणि ‘जीर्णोद्धार’ जपून वापरा. त्यात जुनं काढून नवं घालायची मुभा गृहीत धरली जाते : नवा कळस, ग्रॅनाइटची फरशी, कोरीव खांबांवर ऑइलपेंट. मंदिर संरक्षित स्मारक असेल तर अर्जात ‘जतन व दुरुस्ती’च लिहा आणि कोणता भाग, कोणता मसाला, तेही त्यात नमूद करा.