‘सेवन’, ‘गैरवापर’ आणि ‘व्यसन’ : मधल्या पायरीला मराठीत काय म्हणावे?

अनुवादिका :
किशोरवयीन मुलांच्या पालकांसाठी असलेल्या एका माहितीपुस्तिकेचे मी सध्या मराठी भाषांतर करते आहे आणि एकाच परिच्छेदापाशी चार दिवस अडले आहे. मूळ मजकुरात तीन अवस्था वेगवेगळ्या सांगितल्या आहेत. पहिल्या अवस्थेत मूल एखादा पदार्थ कुतूहलापोटी किंवा सोबत्यांच्या आग्रहाखातर घेऊन पाहते. दुसरीत तो पदार्थ पुन्हा पुन्हा, अभ्यासावर आणि प्रकृतीवर परिणाम दिसू लागला तरीही घेतला जातो, पण मागे फिरणे अजून फारसे अवघड झालेले नसते. तिसरीत शरीराचे आणि मनाचे त्यावाचून चालेनासे होते. मी अनुक्रमे ‘सेवन’, ‘गैरवापर’ आणि ‘व्यसन’ असे शब्द योजले होते. मजकूर तपासणाऱ्या गृहस्थांनी तिन्ही ठिकाणी ‘व्यसन’ केले आणि समासात लिहिले, की मराठी माणूस या तिन्हींना व्यसनच म्हणतो, तेव्हा वाचकाला गोंधळात टाकू नये. मला मात्र वाटते, की पुस्तिकेचा सारा हेतूच त्या फरकात आहे. एकदा गांजा ओढून पाहिलेल्या सोळा वर्षांच्या मुलाला घरच्यांनी ‘व्यसनी’ म्हटले, तर पुढचे बोलणे तिथेच खुंटते. मधल्या अवस्थेला नेमका शब्द कोणी सुचवेल का?

समुपदेशक :
आपली अडचण मला रोज भेटते. ‘गैरवापर’ हा शब्द रूढ आहे. संयुक्त राष्ट्रांनी १९८७ साली ठरवलेल्या २६ जूनच्या दिवसाचे मराठी नाव लिहितानाही ‘अमली पदार्थांचा गैरवापर’ असेच लिहितात. परंतु गैरवापर म्हटला, की कुठेतरी योग्य वापरही असला पाहिजे. खोकल्याचे औषध, झोपेच्या गोळ्या, वेदनाशामके यांच्या बाबतीत ते खरे आहे. हुंगल्या जाणाऱ्या चिकटद्रव्याच्या बाबतीतही खरे आहे, कारण त्याचा वापर चिकटवण्यासाठी आहे. गर्दचा, म्हणजे चोरून विकल्या जाणाऱ्या हेरॉइनच्या भुकटीचा, योग्य वापर मात्र कोणता?

दुसरे असे, की हा शब्द इतर भाषांतही मागे पडतो आहे. अमेरिकी मानसोपचारतज्ज्ञांच्या संघटनेने २०१३ सालच्या निदानपुस्तिकेत ‘गैरवापर’ आणि ‘अवलंबित्व’ अशी दोन वेगळी निदाने काढून टाकली आणि अकरा निकषांवर मोजला जाणारा एकच विकार ठेवला. दोन-तीन निकष जुळले तर सौम्य, चार-पाच जुळले तर मध्यम, सहा किंवा अधिक जुळले तर तीव्र. २०१० साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात मानसिक आरोग्याच्या क्षेत्रात काम करणाऱ्या पाचशेहून अधिक व्यक्तींना एकाच माणसाची हकिकत वाचायला दिली होती. काहींच्या मजकुरात त्याला ‘गैरवापर करणारा’ म्हटले होते, तर काहींच्या मजकुरात ‘विकार असलेला’. ज्यांनी पहिला शब्द वाचला, त्यांनी त्या माणसाला अधिक दोषी मानले. शिकलेसवरलेले व्यावसायिक एका शब्दाने असे झुकत असतील, तर घाबरलेल्या आईवडिलांकडून आपण कोणती अपेक्षा ठेवणार?

जुनी पोथी :
‘व्यसन’ या शब्दावर अन्याय होतो आहे, असे मला नम्रपणे म्हणावेसे वाटते. ‘वि’ उपसर्ग आणि फेकणे या अर्थाचा ‘अस्’ धातू यांपासून तो झाला आहे. जे माणसाला श्रेयापासून दूर फेकते ते व्यसन, अशी त्याची फोड कौटिल्याने अर्थशास्त्राच्या आठव्या अधिकरणात दिली आहे, आणि ते सबंध अधिकरणच राज्यावर येणाऱ्या व्यसनांविषयी, म्हणजे संकटांविषयी आहे. ‘उत्सवे व्यसने चैव दुर्भिक्षे राष्ट्रविप्लवे’ या सुभाषितातही व्यसन म्हणजे आपत्तीच. म्हणजे मुळात हा शब्द दोष देणारा नसून कोसळलेले संकट सांगणारा आहे. नवे शब्द घडवण्यापेक्षा हा जुना अर्थ वाचकाला समजावून द्यावा.

नवलेखन :
पोथीकाका, तीच परंपरा दुसरेही सांगते. मनुस्मृतीच्या सातव्या अध्यायात राजाने टाळायची अठरा व्यसने आहेत, दहा कामातून उपजणारी आणि आठ क्रोधातून उपजणारी. त्यांत शिकार, द्यूत आणि मद्य यांच्याबरोबर दिवसा झोपणे आणि चहाडी करणे हेही आहे. तिथे व्यसन म्हणजे सरळसरळ दुर्गुण. शब्दाचा अर्थ बोलणारे ठरवतात, धातू ठरवत नाही. आज एखाद्या आईने ‘माझ्या मुलाला व्यसन आहे’ असे म्हटले, तर ऐकणाऱ्याच्या मनात संकट उभे राहत नाही, कलंक उभा राहतो. माझे मत असे, की तरुण वाचकासाठी ‘ड्रग्ज’ लिहावे आणि मधल्या अवस्थेला ‘ड्रग्जचा नाद’ म्हणावे. नाद लागतो आणि नाद सुटतोही, हे मराठी कानाला ठाऊक आहे.

जुनी पोथी :
‘अमली पदार्थ’ असा सुरेख मराठी शब्द असताना ‘ड्रग्ज’ कशासाठी? आणि ‘नाद’ तर पतंगाचाही असतो, नाटकाचाही असतो. ज्याने जीव जाऊ शकतो, त्याला इतका हलका शब्द लावणे मला पटत नाही.

कोशप्रेमी :
‘अमली’ हा शब्द मराठी आहेच, पण तो अरबी ‘अमल’वरून फारसीच्या वाटेने आला आहे. अमल म्हणजे कृती, कारभार, सत्ता. आपला ‘अंमलदार’ आणि ‘अंमलबजावणी’ त्याच घरातले, आणि म्हणूनच ‘अमली’ व ‘अंमली’ अशी दोन्ही रूपे छापलेली दिसतात. ज्या शब्दाने आपण राज्य करणे सांगतो, त्याच शब्दाने नशा चढणेही सांगतो, ही गोष्ट मला फार विलक्षण वाटते. पदार्थाचा अंमल बसतो, म्हणजे माणसावर दुसऱ्याचे राज्य सुरू होते. समुपदेशकांनी सांगितलेले अकरा निकष एका शब्दात सांगायचे झाले, तर मी ‘अंमल’ हाच शब्द निवडीन.

जुनी पोथी :
ही व्युत्पत्ती मी ऐकली आहे, परंतु माझे गुरुजी ‘अमली’चा संबंध संस्कृत ‘अम्ल’शी जोडत असत. आंबवलेल्या रसातून मद्य होते, म्हणून अम्ल, त्यावरून अमल. अफूचेही तसेच; ‘अहिफेन’ म्हणजे सापाचा फेस, त्यावरून अफू.

कोशप्रेमी :
गुरुजींविषयी आदर ठेवून लिहितो, की अफूचा प्रवास नेमका उलट दिशेने झाला आहे. ग्रीक भाषेत ‘ओपोस’ म्हणजे झाडाचा रस. त्यावरून ‘ओपियॉन’, त्यावरून अरबी ‘अफ्यून’, आणि तो शब्द इकडे आल्यावर त्याला संस्कृत वेश चढवून ‘अहिफेन’ केले गेले. ‘अम्ल’चे म्हणाल, तर अफू, गांजा, चरस यांत आंबवण्याचा काही संबंधच नाही आणि ‘अमल’ हा शब्द या पदार्थांनाच अधिक लागलेला आढळतो. ‘गर्द’ही फारसीच, गर्द म्हणजे धूळ, भुकटी.

भुकटीवरून आठवले. भारतातल्या १९८५ च्या कायद्याच्या मराठी नावात ‘गुंगीकारक औषधी द्रव्ये’ असा शब्दप्रयोग आहे. त्या कायद्याच्या व्याख्येत कोकाही, म्हणजे ज्याच्या पानांपासून कोकेन काढतात ती वनस्पतीही येते, आणि कोकेनने गुंगी येत नाही, उलट झोप उडते. अक्षरावर विसंबणारा पालक मुलगा पेंगत नाही म्हणून निश्चिंत राहील आणि रात्र रात्र जागणारा, भराभर बोलणारा, जेवण विसरलेला मुलगा त्याच्या लक्षातच येणार नाही.

अनुवादिका :
अंमल आणि अफू यांविषयी वाचून आनंद झाला, आणि गुंगीचा मुद्दा तर मी पुस्तिकेत घालणारच आहे. पण माझी मधली पायरी अजून रिकामीच आहे.

परिचारिका :
ताई, मी व्याकरण शिकलेली नाही, पण रुग्णांच्या खाटांपाशी बरीच वर्षे जे ऐकत आले ते सांगते. आपण ‘त्याने व्यसन केले’ असे सहसा म्हणत नाही, ‘त्याला व्यसन लागले’ असे म्हणतो. भूक लागते, तहान लागते, ठेच लागते, आग लागते, तसे. तिथे करणारा कोणी नसतो. सुटण्याचेही तसेच आहे. ‘मी सिगारेट सोडली’ असे जो म्हणतो, त्याच्या बोलण्यात ताठा असतो. ‘माझी सिगारेट सुटली’ असे जो म्हणतो, त्याला त्यात दुसऱ्यांचाही हात असल्याची जाणीव असते, असे मला नेहमी वाटत आले आहे. आपल्या वाक्यांतून माणूस असा निर्दोष सुटतो आणि मग ‘व्यसनी’ हा एकच शब्द त्याला पुन्हा गुन्हेगार करून टाकतो.

आणखी एक सांगायचे होते. बरा होऊन गेलेला मुलगा पुन्हा घेऊ लागला, की कागदोपत्री ‘पुनर्पतन’ लिहितात. पतन म्हटले की पाप आले. आमच्याकडे टायफॉइडचा ताप फिरून आला, की वडीलधारी माणसे ‘दुखणे उलटले’ असे म्हणत. उलटलेल्या दुखण्याबद्दल कोणी रुग्णाला फटकारत नाही. त्याला पुन्हा पथ्यावर ठेवतात. हा शब्द इथे का वापरू नये?

नवलेखन :
‘दुखणे उलटले’ हा शब्दप्रयोग मी आजपासून वापरणार. माझ्या ‘नाद’ या सूचनेपेक्षा तो कितीतरी मोलाचा आहे.

मूक वाचक :
या चर्चा मी नुसत्या वाचतो, आज प्रथमच लिहितो आहे. माझा थोरला भाऊ उपचार घेऊन परतला, तेव्हा घरात सर्वांच्या तोंडी एकच वाक्य होते : ‘तो सुटला.’ चार महिने त्याने काहीही घेतले नाही. मग एका संध्याकाळी त्याने पूर्वी घ्यायचा तेवढीच मात्रा घेतली आणि तो गेला. शरीराची सवय मोडलेली असते, म्हणून पूर्वी पचणारी मात्राच खंडानंतर जीव घेते, हे आम्हांला नंतर कळले. ‘सुटला’ या शब्दाने आम्ही निर्धास्त झालो होतो, आणि ‘उलटू शकते’ असे आम्हांला कोणी सांगितले नव्हते. परिचारिकाताईंचा शब्द आमच्या घरात तेव्हा असायला हवा होता. भाषांतरात तो अवश्य यावा, आणि मात्रेविषयीचे वाक्य त्याच्या शेजारीच यावे, एवढीच विनंती आहे.

परिचारिका :
दादा, तुमचे लिहिणे वाचून बराच वेळ काही सुचले नाही. तुम्ही हे लिहिलेत, त्याबद्दल मनापासून आभार मानते.

समुपदेशक :
त्यांच्या विनंतीला माझे पूर्ण अनुमोदन आहे. आता मूळ प्रश्नाकडे वळतो, कारण मधल्या पायरीचा शब्द नसल्याची किंमत मी पाहतो. माझ्याकडे येणारी मुले एकमेकांविषयी बोलताना ‘गर्दुल्ला’ हा शब्द सहज वापरतात, परंतु स्वतःविषयी कधीही वापरत नाहीत. गर्दुल्ला म्हणजे रस्त्याकडेला पडलेला, कळकट, घरच्यांनी टाकलेला माणूस. ‘मी तर वर्गात पहिल्या दहांत आहे, मी केवळ सुट्टीच्या दिवशी करतो’ असे एक मुलगा मला म्हणाला. त्या वाक्यातल्या ‘करतो’कडे लक्ष द्यावे, काय करतो, ते तो सांगतच नाही, क्रियापदाला कर्म नाही. शब्द जितका भयंकर, तितके स्वतःला त्याच्याबाहेर ठेवणे सोपे होते. तिसऱ्या पायरीचे नाव पहिल्या दोन पायऱ्यांना दिल्याने मुले सावध होत नाहीत, निर्धास्त होतात.

आणि हीच पायरी सर्वांत मोलाची असते. आवर घालणारा, पुढचा विचार करणारा मेंदूचा पुढचा भाग विशीच्या मध्यापर्यंत पक्व होत राहतो, त्यामुळे जितक्या लहान वयात सुरुवात, तितका पुढे जखडले जाण्याचा धोका अधिक. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२२ पासून लागू झालेल्या रोगवर्गीकरणात ‘अपायकारक सेवन’ आणि ‘अवलंबित्व’ या दोन अवस्था वेगळ्या ठेवल्या आहेत. त्यातला पहिला शब्द आपण उचलावा, असे मी सुचवतो.

जुनी पोथी :
‘सेवन’ या शब्दाला माझा आक्षेप आहे. सेव् धातूत सेवा आहे, आदर आहे. औषधाचे सेवन करतात, मोकळ्या हवेचे सेवन करतात. गर्दला तो मान देऊ नये.

कोशप्रेमी :
‘धूम्रपान’ लिहिताना धूर पितात का, असा प्रश्न आपण विचारत नाही. ‘मद्यसेवन’ही रूढ आहे. ओढणे, हुंगणे, गिळणे, टोचून घेणे या सर्वांना कवेत घेणारा दुसरा शब्द आपल्यापाशी नाही.

जुनी पोथी :
‘आहारी जाणे’ आहे की! पदार्थ माणूस खात नाही, पदार्थ माणसाला खातो, हे त्यात किती स्वच्छ दिसते.

समुपदेशक :
ते तिसऱ्या पायरीचे अचूक वर्णन आहे, काका. परंतु आहारी गेलेला माणूस परत येतो, असे त्या शब्दात कुठेही नाही, आणि आपण बोलतो आहोत ते दुसऱ्या पायरीविषयी.

अनुवादिका :
मजकूर उद्या छपाईला जातो आहे. पहिल्या पायरीला ‘घेऊन पाहणे’, दुसरीला तूर्त ‘अपायकारक सेवन’ आणि तिसरीला ‘अवलंबित्व’ लिहून कंसात ‘व्यसन लागणे’ ठेवते आहे. ‘व्यसनी’ हे विशेषण सगळीकडून काढले. ‘दुखणे उलटणे’ घेतले आहे, आणि मूक वाचकांनी सांगितलेले मात्रेचे वाक्य त्याच्या लगेच खाली ठळक अक्षरांत घातले आहे. तपासणाऱ्या गृहस्थांना ‘अपायकारक सेवन’ अजूनही कृत्रिम वाटते, आणि ते उच्चारून पाहिल्यावर मलाही थोडे तसेच वाटते. कोणतीही आई मुलाला ‘तू अपायकारक सेवन करतोस का?’ असे विचारणार नाही. दुसऱ्या आवृत्तीपर्यंत कोणाला तिच्या तोंडी शोभेल असा शब्द सुचला, तर कृपया इथेच लिहावा.

कोशप्रेमी :
विचार करतो. दरम्यान एक शंका : ‘तलफ’ हा शब्द मागणी या अर्थाच्या अरबी ‘तलब’चा अपभ्रंश मानावा, की नाश या अर्थाच्या अरबी ‘तलफ’शी त्याचा संबंध जोडावा? उच्चार दुसऱ्याकडे ओढतो, अर्थ पहिल्याकडे.

जुनी पोथी :
तळमळण्याशी त्याचा काही संबंध असू शकेल का, हेही पाहावे.