सेक्रेटरी चालले ट्रान्सनिस्ट्रियाला

कर्वे (बी-२०२, खजिनदार): सर्व सभासदांस नमस्कार. मा. सेक्रेटरी साठेसाहेब भाचीच्या पदवीदानासाठी मोल्दोव्हाला गेले आहेत, हे सर्वांस माहीत आहे. लिफ्टच्या चेकचं न उरकताच गेले, हेही माहीत आहे. आता वॉचमनकडून कळले की उद्या ते उभयता ट्रान्सनिस्ट्रिया नावाच्या ठिकाणी सहलीला जाणार आहेत. मी शोधून पाहिले. या देशाला जगात कुणी देश मानत नाही. खुलासा व्हावा.

पाटील (ए-१०३): वॉचमनला कसं कळलं?

कर्वे: साठेवहिनींनी फोनवर कामाच्या मावशींना सांगितलं, मावशींनी वॉचमनला. सेक्रेटरींची माहिती खजिनदाराला या मार्गाने मिळते.

शिंदे वहिनी (बी-३०३): ते राहू दे. माझ्या जागेत पांढरी गाडी कोणाची आहे? दहा मिनिटांत काढा.

देशमुख (बी-१०४): प्रवास विमा तिथे लागू होतो का, हे आधी पाहावे.

अनघा (ए-५०२): काका, एवढं काही नाही. मी २०१९ ला ऑफिसच्या कामानं बुखारेस्टला होते तेव्हा जाऊन आले. मोल्दोव्हाची राजधानी किशिनाऊ, तिथून ट्रान्सनिस्ट्रियाची राजधानी तिरास्पोल सत्तरेक किलोमीटर. गाइड सकाळी गाडीतून नेतो, संध्याकाळी आणून सोडतो. वाटेत चौकी लागते. पासपोर्ट बघतात, शिक्का मारत नाहीत. दुकानातल्या बिलाएवढा एक कागद देतात, त्यावर किती वाजेपर्यंत बाहेर पडायचं ते छापलेलं असतं. तो कागद जपायचा, परत येताना दाखवायचा. बस्स.

कर्वे: कागद देतं कोण? सरकार कुठलं?

अनघा: त्यांचंच. १९९० मध्ये त्यांनी स्वतःला मोल्दोव्हापासून वेगळं जाहीर केलं. १९९२ मध्ये लढाई झाली, शेकडो माणसं मेली, जुलैमध्ये शस्त्रसंधी झाली. तेव्हापासून तसंच चाललंय. राष्ट्रपती, पोलीस, नोटा, पासपोर्ट सगळं स्वतःचं. मान्यता अबखाझिया आणि दक्षिण ओसेशियाची, आणि त्यांनाच मुळात चार-पाच देश सोडले तर कुणी विचारत नाही. रशियाची फौज आहे तिथे, पण रशियानंसुद्धा मान्यता दिलेली नाही.

पाटील: थोडक्यात, बिल्डिंग उभी आहे, लोक राहायला आलेत, पाणी-लाइट चालू आहे. फक्त भोगवटा प्रमाणपत्र नाही 😄

कर्वे: पाटील, विषय गंभीर आहे. २५ एप्रिल २०२२ ला तिरास्पोलमध्ये त्यांच्या सुरक्षा मंत्रालयाच्या इमारतीवर हल्ला झाला. दुसऱ्या दिवशी रेडिओचे मनोरे उडवले. उत्तरेला कोबास्ना गावात सोव्हिएत काळापासूनचा दारूगोळा पडून आहे, सुमारे २०,००० टन. पलीकडे युक्रेन. साठेसाहेबांच्या गैरहजेरीत चेकवर सही कोण करणार?

अनघा: कोबास्ना तिरास्पोलपासून खूप लांब आहे. तिथे कुणी पर्यटकांना नेत नाही.

देशमुख: विमा लागू होतो का? बऱ्याच पॉलिसींमध्ये वादग्रस्त प्रदेश वगळलेला असतो. कलमे बारीक अक्षरात असतात.

नाईक काका (ए-२०४): अनघा, लेनिनचा पुतळा उभा आहे का अजून तिथे?

अनघा: आहे की. संसदेसमोरच, उंच खांबावर, अंगरखा वाऱ्यावर उडतोय असा. संसदेचं नावसुद्धा सुप्रीम सोव्हिएत. झेंड्यावर विळा-हातोडा.

नाईक काका: ✊

कर्वे: झालं सुरू. नाईक, गिरणी संपून चाळीस वर्षं झाली.

नाईक काका: संप मोडला म्हणून विचार मोडत नाही, कर्वे. तुम्ही बँकेत होतात. राष्ट्रीयीकरण कुणाच्या रेट्यामुळे झालं?

शिंदे वहिनी: पांढरी गाडी!!! एमएच १२ आहे.

पाटील: वहिनी, पुण्यात एमएच १२ म्हणजे काय ओळख झाली?

अनघा: नाईककाका, तुमचा हिरमोड करते. विळा-हातोडा झेंड्यावरच. बाकी गाव एका खासगी कंपनीचं. शेरीफ नाव तिचं. १९९३ मध्ये दोन माजी पोलिसांनी काढली. पेट्रोलपंप शेरीफ, सुपरमार्केट शेरीफ, मोबाइल कंपनी त्यांची, क्विंट ब्रँडीचा कारखाना त्यांचा, फुटबॉलचं स्टेडियम त्यांचं. लेनिनला पाठ करून चार पावलं गेलं की शेरीफची पाटी.

तन्मय (ए-१०३): शेरीफ तिरास्पोल!! अनघाताई, त्यांनी रेआल माद्रिदला हरवलंय. त्यांच्याच बर्नाबेऊ स्टेडियममध्ये. २८ सप्टेंबर २०२१, चॅम्पियन्स लीग, २-१. नव्वदाव्या मिनिटाला थिलचा गोल, बॉक्सच्या बाहेरून. मी बाबांना तेव्हा ओरडून उठवलं होतं.

पाटील: हो, आणि मला वाटलं भूकंप झाला.

तन्मय: गंमत म्हणजे खेळतात मोल्दोव्हाच्या लीगमध्ये. देश वेगळा म्हणतात, पण युरोपात खेळायचं तर मोल्दोव्हाकडूनच.

लेले मॅडम (ए-४०१): माझी एक शंका. साठ्यांचा मोल्दोव्हाचा व्हिसा एकदाच प्रवेशाचा असेल तर? बाहेर पडले की संपला. परत कसे येणार?

कर्वे: अगदी योग्य प्रश्न. मी हेच म्हणत होतो.

अनघा: हे तुम्ही म्हणत नव्हतात, काका.

साठे (ए-३०१, सेक्रेटरी): नमस्कार. आम्ही इथे घड्याळात अडीच तास मागे आहोत, जेवणात होतो. लेले मॅडम, भाचीला विचारून सांगतो. मोल्दोव्हा त्या भागाला आपलाच भाग मानतो. त्यामुळे तिकडे जाताना मोल्दोव्हा पासपोर्टवर बाहेर गेल्याचा शिक्का मारत नाही. यांच्या हिशेबी आम्ही देश सोडतच नाही. पलीकडचे म्हणतात, परदेशात आलात. दोघेही आपापल्या जागी ठाम.
कर्वे, लिफ्टचा चेक सही करून तुमच्याच कपाटात ठेवला आहे. निळ्या फायलीत.

कर्वे: तो चेक जुन्या कोटेशनचा आहे साहेब. रक्कम बदलली. हे मी आपणास विमानतळावर जाण्याच्या दिवशी सांगितले होते.

साठे: टॅक्सीत बसताना सांगितलं होतं, कर्वे.

देशमुख: विमा?

शिंदे वहिनी: बी विंगचा वेगळा ग्रुप करा आता. इथे कामाचं काही वाचलंच जात नाही.

पाटील: करा की. मान्यतेला अबखाझियाला पत्र टाकू.

अनघा: देशमुखकाका, तुमचं उत्तर देते, नाहीतर रात्रभर चालेल. बहुतेक नाहीच चालत. ब्रिटन-अमेरिकेची सरकारं आपल्या लोकांना तिकडे जाताना सावध करतात, आणि विमा कंपन्या तेच धरून बसतात. साठेकाका, बॉम्बची भीती सोडा, पण हे लक्षात घ्या. तिरास्पोलमध्ये आपला दूतावास नाही. मोल्दोव्हाचे पोलीस तिथे पाय ठेवत नाहीत. आपली कार्डं चालत नाहीत, रोकड न्या आणि त्यांचे रुबल घ्या. मोल्दोव्हाचं सिम चौकीनंतर बंद पडलं तर घाबरू नका. काही झालंच तर तुमचं म्हणणं घेऊन जायला तिथे कुणी नाही, एवढंच. गाइडच्या मागे राहा. आणि चौकी, पूल, रशियन शिपाई यांचे फोटो अजिबात काढायचे नाहीत.

साठे: नोंद घेतली.

देशमुख: अनघा, धन्यवाद. मी हेच सांगत होतो.

साठे काकू (ए-३०१): मी सोबत मेतकूट, खाकरा घेतलाय. काळजी नसावी 🙏

— दुसऱ्या दिवशी —

गोरे (बी-४०२): 🌸 शुभ प्रभात. जो स्वतःवर विश्वास ठेवतो त्याला सीमा नसतात. 🌸

साठे: (हा संदेश हटवला आहे)

कर्वे: काय होते ते? मी पाहिले. पूल होता. पुलावर वाळूची पोती आणि हिरव्या कपड्यातला माणूस होता. साहेब, कालच सांगितले होते.

लेले मॅडम: मीही पाहिलं. तो आपल्याकडेच बघत होता.

पाटील: काकांचा अंगठा नेहमीच लवकर लागतो. मागे सभेचं इतिवृत्त लेल्यांच्या नातेवाइकांच्या ग्रुपवर गेलं होतं.

लेले मॅडम: त्याची आठवण नको.

कर्वे: साठेसाहेब?

कर्वे: एकच टिक येतेय.

देशमुख: विमा नाही, हे लक्षात असू द्यावे.

नाईक काका: अहो सिम बंद पडणार असं अनघानं सांगितलंय ना. एवढी घाई कशाला? १९९२ मध्येसुद्धा खरी लढाई तिरास्पोलच्या वाटेवरच्या त्या बेंदेर शहराच्या पुलावरच झाली. मोल्दोव्हाच्या फौजेनं शहरात घुसायची काय गरज होती?

कर्वे: आणि रशियाच्या चौदाव्या आर्मीने तोफा डागायची काय गरज होती? जनरल लेबेदला तिथे कुणी बोलावलं होतं?

नाईक काका: लेबेद आला म्हणून लढाई थांबली.

कर्वे: एका बाजूवर तोफा डागून थांबली. आणि मग तीस वर्षं फुकटचा रशियन गॅस. बिल भरलं का कुणी? अब्जावधी डॉलरची थकबाकी. १ जानेवारी २०२५ ला युक्रेनमधून येणारा गॅस बंद झाला तेव्हा घरं गार पडली, गरम पाणी बंद, कारखाने बंद. थकबाकी ठेवली की असं होतं. हे मी कुणा एका सभासदाला उद्देशून म्हणत नाही.

पाटील: मला उद्देशून म्हणताय. माझे दोनच महिने राहिलेत.

कर्वे: पाच.

शिंदे वहिनी: पांढरी गाडी गोऱ्यांच्या जावयाची निघाली. दोन दिवस विचारतेय. शुभ प्रभात टाकायला वेळ आहे.

गोरे: क्षमस्व वहिनी. जावईबापू जेवून निघतीलच.

— संध्याकाळी —

साठे काकू: परत किशिनाऊला आलो. सगळे सुखरूप. जरा बसले की लिहिते.

कर्वे: देवाची कृपा. चेकबद्दल सावकाश बोलू.

साठे काकू: हं, लिहिते. चौकीवर बसून नाव-गाव विचारलं, कागद दिला, झालं. आधी बेंदेरचा किल्ला. तुर्कांचा, सोळाव्या शतकातला. रशियाशी पोल्तावाची लढाई हरल्यावर स्वीडनचा राजा बाराव्या कार्लनं बेंदेरलाच आसरा घेतला होता. गावातल्या नगरपालिकेच्या भिंतीवर १९९२ च्या गोळ्यांची भोकं मुद्दाम ठेवलीत. रंग दिलाय, पण भोकं बुजवलेली नाहीत. माझं बोट आत गेलं.
मग तिरास्पोल. रणगाडा, शहिदांच्या नावांच्या रांगा, बरेचसे पोरं होते वीस-बावीसचे. नाईकभावजी, लेनिन पाहिला, तुमच्यासाठी फोटो काढलाय. समोरच्या चौकात रशियन सेनापती सुवोरोव्ह घोड्यावर. त्यानंच १७९२ मध्ये हे गाव वसवलं, म्हणून त्यांच्या छोट्या नोटांवर तोच.
जेवायला सोव्हिएत थाटाच्या खानावळीत नेलं. ताट घेऊन रांगेत उभं राहायचं. बटाटा भरलेल्या वारेनिकी, वर आंबट साय, काकडीची कोशिंबीर. मेतकूट लागलंच नाही.
त्यांची नाणी प्लास्टिकची आहेत! एक रुबल गोल, तीनचं चौकोनी, पाचचं पंचकोनी, दहाचं षटकोनी. हातात वजनच लागत नाही. उरलेल्या नोटा तिथेच परत बदलल्या, बाहेर कुणी घेत नाही. नाणी तेवढी ठेवलीत, मुलांना देईन.
आमची गाइड मुलगी फार गोड. तिच्याकडे तीन पासपोर्ट आहेत, एक मोल्दोव्हाचा, एक रशियाचा, एक तिथलाच. तिथला कशाला लागतो विचारलं तर म्हणाली, घर आणि पेन्शन त्यावर आहे. गॅस बंद झाला त्या थंडीत आजीला घेऊन सगळे एका खोलीत चुलीपाशी झोपायचे म्हणाली. कुणाची चूक विचारलं तर हसली आणि ब्रँडीच्या कारखान्याचं सांगायला लागली.

नाईक काका: फोटो पाठवा वहिनी.

तन्मय: काकू, स्टेडियम?

साठे काकू: बाहेरून पाहिलं रे. तुझ्यासाठी शेरीफचा मफलर घेतलाय. पण एक सांगायचं राहिलं. किल्ल्याच्या पायऱ्यांवर यांचा पाय मुरगळला. घोटा चांगलाच सुजलाय.

साठे: किरकोळ आहे.

साठे काकू: किरकोळ कुठला, गाडीत मांडीवर उशी घेऊन बसले होते. गाइडनं औषधाच्या दुकानात नेलं. पट्टी, मलम, गोळ्या. दुकानदारीण बाई रशियन बोलत होती, हे मराठीत कण्हत होते. तिनं तिथेच बसवून पट्टी बांधून दिली.

कर्वे: साहेब, आपण तिसऱ्या मजल्यावर राहता. लिफ्ट बंद आहे.

पाटील: ओहो.

साठे: कर्वे, नवीन कोटेशन पाठवा. बँकेला ई-मेलनं काय चालतं ते बघतो.

कर्वे: पाठवले आहे. कालच्या आधीच्या मंगळवारी.

देशमुख: औषधाची पावती घेतली का?

साठे: घेतली. सगळी रशियन लिपीत आहे.

अनघा: काका, तिथे मोल्दोव्हन भाषासुद्धा त्याच लिपीत लिहितात.

देशमुख: ठीक. क्लेम नामंजूर होण्याची शक्यता आहे, तरी अर्ज टाकून ठेवावा. मी फॉर्म पाठवतो. तारीख, दुखापतीचे स्वरूप, ठिकाण, देश.

साठे: देश या रकान्यात काय लिहू?

देशमुख: मोल्दोव्हा.

नाईक काका: तिथल्या माणसाला विचारलंत तर तो असं लिहू देणार नाही.

देशमुख: नाईक, क्लेम तिथल्या माणसाचा नाही.

कर्वे: रक्कम किती झाली?

साठे: आपले सहाशे-सातशे रुपये असतील.

कर्वे: मग सोडा ना.

देशमुख: प्रश्न रकमेचा नाही. अनघा, पॉलिसीत वगळलेल्या प्रदेशांची नावे असतात की फक्त ‘मान्यता नसलेले’ एवढेच लिहितात? साठे, तुमच्या पॉलिसीचे पान १४ फोटो काढून पाठवा. फोटो काढायला तिथे हरकत नाही.