साखर मोजणारा दंडावरचा सेन्सर म्हणतो १५१, बोटाचं मशीन १८२. खोटं कोण?

माशेलची सून:
सासूबाईंच्या दंडाला रविवारी सेन्सर लावला. काल उकड्या तांदळाची पेज आणि वर अर्धा मानकुराद आंबा, सांगून ऐकत नाहीत. अर्ध्या तासाने बोट टोचलं तर १८२, मोबाईलवर १५१. त्या म्हणतात, मोबाईलवालं यंत्र आपल्या बाजूचं. खरं कुठलं धरू? आणि हे काढलं कुणी?

फोंड्याचा लॅबवाला:
बाय, खोटं कुणीच नाही. बोटाचं मशीन रक्त बघतं, सेन्सर कातडीखालचा द्रव. रक्तातली साखर तिथे पोचायला पाच-दहा मिनिटं, कधी जास्तही. आंबा चढताना सेन्सर मागे राहणारच.

मी १९८३ साली लॅबात लागलो तेव्हा आम्ही बेनेडिक्टच्या द्रावणात लघवी उकळायचो. निळं राहिलं तर बरं, विटकरी झालं की आंबा बंद. पण अमेरिकेत सिनसिनाटीत लेलँड क्लार्क या संशोधकांनी १९६२ मध्येच इलेक्ट्रोडवर ग्लुकोज ऑक्सिडेज हे एन्झाइम बसवायची युक्ती मांडली होती. अडलं कुठे? त्या एन्झाइमला साखरेबरोबर ऑक्सिजन लागतो, आणि कातडीखाली साखर भरपूर, ऑक्सिजन तुटपुंजा. मग साखर बेताबेताने आत सोडणारा पडदा हवा. त्यात शरीर परक्या तारेला सुखाने राहू देत नाही.

१९९९ मध्ये अमेरिकेत मिनीमेड कंपनीच्या यंत्राला परवानगी मिळाली. पोटाच्या कातडीत तार, कमरेला डबी, दर पाच मिनिटांनी एक आकडा, तीन दिवस. आणि पेशंटला त्यातलं काही दिसायचं नाही! डॉक्टर नंतर कॉम्प्युटरवर उतरवून घेत. वर रोज चारदा बोट टोचून ते आकडे त्याला द्यायचे, तेव्हा त्याचा हिशोब जुळायचा. म्हणजे बोट सुटलंच नव्हतं.

म्हापशाचा शंकेखोर:
मनगटावरचं घड्याळही होतं ना एक?

फोंड्याचा लॅबवाला:
ग्लुकोवॉच, २००१. मंद वीज सोडून कातडीतून साखर बाहेर ओढायचं. तयार व्हायला तीन तास, चालणार बारा, खाली कातडी लाल. घाम आला की आकडा गाळायचं. मे महिन्यात तुमच्या शुक्रवारच्या बाजारात किती आकडे मिळाले असते, बघा.

माशेलची सून:
वाचून दाखवलं. आता साखर उतरताना सेन्सर उलटा जास्त दाखवतो का ते बघायला सासूबाई उरलेला अर्धा मागतायत.