'इलेक्ट्रिक हॉटेल': नुसती करामत की गोष्टही?

जुना_पडदा
स्पॅनिश दिग्दर्शक सेगुंदो दे चोमोनचा 'इलेक्ट्रिक हॉटेल' (१९०८) हा मूकपट दहा मिनिटांचाही नाही. 'ट्रिक फिल्म', म्हणजे नुसत्या कॅमेऱ्याच्या करामतींचा सिनेमा, म्हणून तो निकालात काढतात, ते मला अजिबात पटत नाही. जोडपं हॉटेलात उतरतं. बॅगा आपल्या आपण खोलीत पोहोचतात, ब्रश येऊन बूट पुसतो, बाईचे केस कुणी हात न लावता विंचरले जातात. मग एक झिंगलेला माणूस हे सगळं विजेवर चालवणाऱ्या यंत्राचे खटके वाटेल तसे ओढतो आणि सगळं फर्निचर सैरावैरा धावू लागतं. ही चांगली रचलेली गोष्ट आहे!

फ्रेमवेडी
असहमत. गोष्ट ही इथे करामत टांगायची खुंटी. अमेरिकन दिग्दर्शक ब्लॅकटनच्या 'हॉन्टेड हॉटेल'मधली (१९०७) न्याहारी बघा. कॅमेरा टेबलाजवळ, सुरी एकटीच पाव कापते. सुरी जराशी सरकवायची, एक फ्रेम, म्हणजे एकच चित्र, घ्यायची, पुन्हा सरकवायची. पडद्यावरच्या एका सेकंदाला साधारण १६ फ्रेम लागायच्या. त्या पावाला कथानक कशाला हवं?

जुना_पडदा
पण केस विंचरण्याचा प्रसंग परत बघाच. ती बाई म्हणजे चोमोनची पत्नी ज्युलियेन मॅथ्यू. ब्रश जिवंत वाटावा म्हणून प्रत्येक फ्रेमला तिला निश्चल बसावं लागलं असणार. वस्तू माणसासारखी वागते आणि माणूस वस्तूसारखा बसतो. स्वयंचलित घराबद्दल याहून नेमकं काय सांगणार?

फ्रेमवेडी
हा अर्थ तुम्ही आज लावताय. तेव्हाचा प्रेक्षक 'हे केलं कसं?' यातच गुंतला असेल.

नाशिककर
फ्रेमवेडींच्या बाजूने आपल्याकडचा दाखला देतो. १९१२ मध्ये दादासाहेब फाळक्यांनी कुंडीतल्या रोपाची वाढ थांबून थांबून टिपली आणि 'अंकुराची वाढ' केला. त्यात ना पात्र, ना कथा. तरी तो पाहूनच सावकार त्यांच्या सिनेमासाठी पैसे द्यायला तयार झाला. पुढे त्यांनी काड्यापेटीतल्या काड्या नाचवणारा 'आगकाड्यांची मौज'ही केला. तो आज उपलब्ध नाही, याचं फार वाईट वाटतं.

जुना_पडदा
दाखला उत्तम, पण रोप मुळात जिवंतच असतं, फाळक्यांनी त्याचा वेळ आवळला. बुटाच्या ब्रशला जीव नाही. तो कुणाचे बूट पुसतोय आणि ते जोडपं त्याच्याकडे कसं बघतंय, हे दिसलं की मगच तो नोकर वाटतो.

फ्रेमवेडी
मला तर ती सुरी कुणी न बघताही जिवंत वाटते.