'सगळे स्टंट हिरोनेच केले' या कौतुकामुळे स्टंटवाल्यांचं नुकसान होतं का?

रानवारा:
हल्ली कुठलाही ॲक्शनपट आला की प्रमोशनमध्ये एकच टेप वाजते, हिरोने सगळे स्टंट स्वतः केलेत, डबल (हिरोच्या जागी धोक्याचा शॉट करणारा स्टंटवाला) वापरलाच नाही. मला याचा खरंच संताप येतो. ज्याने तो पडण्याचा शॉट बसवला, हिरोच्या आधी स्वतः पडून पडून बघितला, गाद्या कुठे टाकायच्या ते ठरवलं, त्याचं नाव घेणं सोडाच, उलट तो तिथे नव्हताच असं जगाला सांगायचं. ज्या माणसाचं अख्खं करिअर चेहरा लपवण्यावर उभं आहे त्याच्या पोटावर हा सरळ सरळ पाय आहे. ऑस्करला स्टंटसाठी पुरस्कार ठेवायला शंभरावा सोहळा उजाडावा लागतोय, एप्रिल २०२५ मध्ये जाहीर झालं आणि २०२७ मध्ये रिलीज होणाऱ्या सिनेमांपासून देणार आहेत. टीव्हीच्या एमीमध्ये स्टंट कोऑर्डिनेशनला २००२ पासून पुरस्कार आहे. मग सिनेमावाल्यांना एवढा वेळ का लागला? माझं मत स्पष्ट आहे, धोक्याचा शॉट डबलनेच करावा आणि डबलने केला हे छातीठोकपणे सांगावं.

पक्याभाऊ:
अजिबात पटलं नाही. टॉम क्रूझने नॉर्वेत कड्यावरून बाइक खाली घातली ना, त्याच्यामागे किती लोक होते बघा. तो रॅम्प बांधणारे, त्याच्याकडून आधी महिनोन्महिने बाइकच्या आणि पॅराशूटच्या उड्या करून घेणारे, वाऱ्याचा अंदाज बघणारे, आणि या सगळ्याची जबाबदारी अंगावर घेणारा स्टंट कोऑर्डिनेटर. हिरो स्वतः उडी मारतो तेव्हा स्टंट टीमचं काम कमी होत नाही, दुप्पट होतं. आणि ही आजची हौस नाही, मूकपटांतल्या बस्टर कीटनने १९२८ मध्ये घराची अख्खी भिंत स्वतःवर पाडून घेतली, खिडकीच्या जागेत उभा होता म्हणून वाचला. चेहरा दिसतो, कट नसतो, म्हणून प्रेक्षकाचा श्वास अडकतो. ते डबलच्या पाठमोऱ्या शॉटमध्ये येणारच नाही.

रानवारा:
@पक्याभाऊ त्याच क्रूझचा २०१७ मध्ये लंडनला एका इमारतीवरून दुसरीवर उडी मारताना घोटा मोडला आणि शूटिंग काही आठवडे थांबलं. डबलचा मोडला असता तर दुसऱ्या दिवशी दुसरा डबल उभा करून काम चालू राहिलं असतं. निर्मात्याच्या हिशोबानेही डबलच बरा.

पक्याभाऊ:
थांबा थांबा, काय लिहिलंत ते परत वाचा. दुसऱ्या दिवशी दुसरा उभा केला असता! हेच तर मी म्हणतोय. हिरोच्या घोट्यासाठी शूटिंग थांबतं आणि डबलच्या घोट्यासाठी थांबत नाही. मग हिरो स्वतः उडी मारणार असेल तेव्हाच सेटवर सुरक्षेला पैसा आणि वेळ मिळतो, हे तुम्हीच सिद्ध केलंत.

अनुजा_रिगिंग:
मी वायर आणि हार्नेसचं (स्टंटवाल्याला बांधायच्या पट्ट्यांचं) काम करते म्हणून लिहितेय, कुठल्या सेटवर ते सांगणार नाही. दोघांचंही बोलणं उडी मारली कोणी यावर अडकलंय. रोजचं काम कड्यावरून उडी मारण्याचं नसतंच हो, जिन्यावरून गडगडायचं, टेबलावर पाठीवर आदळायचं, हनुवटी छातीशी, मान आत, आणि दिग्दर्शक म्हणाला वन मोर की परत वर जाऊन उभं राहायचं. पुरुषाच्या जॅकेटखाली कोपराचं, पाठीचं, कमरेचं पॅडिंग बसतं. बाईच्या डबलला तोच जिना बिनबाह्यांच्या ड्रेसमध्ये आणि हीलमध्ये उतरायचा असतो, पॅड लपवणार कुठे? माकडहाड शेकून निघतं आणि ती हसत उठते, कारण दुखतंय म्हटलं तर पुढच्या वेळी फोन येणार नाही ही भीती. टीव्हीवर तर अजून घाई, एपिसोडची तारीख ठरलेली. जॉन बर्नेकर हा स्टंटमन २०१७ मध्ये एका टीव्ही मालिकेच्या सेटवर बाल्कनीतून पडण्याचा शॉट करताना गेला, उंची जेमतेम दोन मजल्यांची होती. आणि डेव्हिड होम्स, हॅरी पॉटर झालेल्या डॅनियल रॅडक्लिफचा डबल, त्याची मान २००९ मध्ये रिहर्सलला मोडली. तेव्हापासून तो व्हीलचेअरवर आहे.

गवती:
म्हणूनच मी कोणालाही सांगेन की हे करिअर म्हणून निवडू नका. शरीर चाळिशीत बोलायला लागतं, पुढे काय?

पक्याभाऊ:
@गवती पुढे पुष्कळ आहे की. चॅड स्टहेल्स्की कियानू रीव्हजचा डबल होता, नंतर त्याच रीव्हजला घेऊन दिग्दर्शक झाला. डेव्हिड लीच ब्रॅड पिटचा डबल होता, तोही दिग्दर्शक आहे. झोई बेल टीव्ही मालिकेत लूसी लॉलेस या नटीची डबल होती, पुढे स्वतःच्याच नावाने पडद्यावर आली. पडायचं वय सरलं की फाइट बसवायची, मग सेकंड युनिट (ॲक्शनचे शॉट वेगळे घेणारी टीम) सांभाळायचं, ही शिडी आहे.

गवती:
शिडीच्या वरच्या पायरीवर जागा किती असते पण? तुम्ही तीन नावं घेतलीत, खाली गुडघ्याची ऑपरेशनं करून बसलेल्यांची नावं कोणालाच माहीत नसतात.

अनुजा_रिगिंग:
@गवती निवडू नका म्हणून प्रश्न सुटत नाही, काम आहे तोवर कोणीतरी पडणारच. मला करारात काय आहे हे महत्त्वाचं वाटतं. अमेरिकेतल्या सॅग-आफ्ट्रा या कलाकारांच्या संघटनेच्या करारात स्टंटवाला कलाकारच धरला जातो, शॉट जेवढा अवघड तेवढे वरचे पैसे मिळतात आणि सिनेमा पुन्हा दाखवला की त्यातलाही वाटा येतो. जिथे असा करार नाही तिथे दिवसाचे पैसे घेतले की विषय संपला, पुढे पाठ धरली तर ज्याची त्याने बघायची. आणि @रानवारा, ऑस्करचा पुरस्कार स्टंट डिझाइनचा आहे, म्हणजे आखणीचा. प्रत्यक्ष पडणाऱ्याचा विचार एमीने केला, २०२१ पासून स्टंट परफॉर्मन्सची वेगळी कॅटेगरी काढली.

रानवारा:
कराराचं शंभर टक्के मान्य. पण करारासाठी भांडायला आधी तो माणूस आहे हे लोकांना कळायला तर पाहिजे! मुलाखतीत डबल नव्हताच म्हणून सांगत राहिलात तर त्याच्या विम्याबद्दल विचारणार कोण? म्हणून 'डबलनेच करावा' यावर मी ठाम आहे.

पक्याभाऊ:
मुलाखतीत टीमचं नाव घ्यायलाच पाहिजे, तिथे वादच नाही. पण तयारी असलेल्या नटाला उडी मारू नको म्हणणं मला पटत नाही, पटणारही नाही. श्रेयनामावलीत कोण कोणाचा डबल होता ते नटाच्या नावाखालीच लिहा की, शेवटच्या बारीक अक्षरांत कशाला?

अनुजा_रिगिंग:
हे झालं तर मी दोघांच्याही बाजूने. आणि त्यात रिहर्सलला पडलेल्यांची नावंही घ्या, ते शॉटमध्ये दिसतच नाहीत.